पत्रवाहक

घोडपदेवला, जिन्याखालच्या कचेरीत
कुडतरकर साहेबांची पत्रं मी टाइप करायचो.
'पत्रवाहक माझ्या परिचयाचे असून...'
परिचय बहुधा त्याच मिनिटाचा असे.

नळाचा वॉल्व्ह, शाळेचा दाखला, केईएमची खाट,
कुणाच्या पोराची बदली मुलुंडहून परळला.
सही हिरव्या शाईची, खाली रबरी शिक्का:
आधी नगरसेवक, मग आमदार.
राज्यमंत्रीचाही करून आणला होता मी, लालबागहून.
शपथविधीच्या आदल्या रात्री यादी बदलली.
तो अजून खोक्यात आहे, शाई न लागलेला.

पडले तेव्हा सातशे बारा मतांनी पडले.
दुसऱ्या दिवशीही मी खुर्च्या मांडल्या, अकरा.
एक म्हातारी आली. तिला निकाल माहीत नव्हता.
साहेबांनी पत्र दिलं, शिक्का मारला,
थांबले,
आणि पेनानं त्याच्याआधी बारीक 'माजी' लिहिलं.

परवा त्यांच्या डायलिसिससाठी
नव्या नगरसेविकेकडे रांग लावली.
मुलगी चटपटीत. लगेच प्रिंट काढून दिली:
'पत्रवाहक माझ्या परिचयाचे असून...'
माझंच वाक्य, टिंबांसकट.

साहेबांनी चष्मा लावून दोनदा वाचलं.
म्हणाले, पोरीला सांग, सही जरा मोठी करत जा.
वॉर्डबॉयला दुरून दिसली पाहिजे.