चार आकडे

ट्रंकेत, टर्किश टॉवेलच्या घडीत सापडला.
पाऊण तास चार्जिंग खाऊन जागा झाला
आणि मलाच विचारू लागला, तू कोण?

चार आकडे. मीच लावलेले,
नववीत, अक्काने हात लावू नये म्हणून.
जन्मतारीख टाकली. नाही.
गाडीचा नंबर टाकला. तेव्हा गाडी कुठली.
दहावीचे मार्क टाकताना मलाच हसू आलं.

नव्या पेठेतला पोरगा म्हणाला,
दोनशे रुपयांत उघडून देतो, पण आतलं सगळं पुसलं जाईल.
नाहीतर पहिल्यांदा ज्याला जोडला होता
तो कॉम्प्युटर शोधा. तो ओळखेल.

तो अक्कलकोट रोडला, कारखान्याच्या ऑफिसात,
शेठच्या पोराने वापरून टाकलेला, या खेळण्यासारखाच.
कीबोर्डवर सुताची पांढरी लव.
कुरापाटी मामांनी फुंकर मारली, खोकले,
वायर जोडली.
भिंतीपलीकडे माग खडखडत होते,
अलीकडे कुलूप न विचारता निघालं.
चारशे बारा गाणी.

रात्री अक्काला फोन केला, करीमनगरला.
ती हसली, दम लागेपर्यंत.
"चौदा नि पंधरा रे! नानांचे माग.
मला विचारायचंस की.
तू शाळेत गेलास की लावायचे,
विड्या वळता वळता.
एक कान मला, एक आईला."

संध्याकाळी बॅटरी निम्मीच का असायची,
ते आत्ता कळलं.
आणि मी कंपनीला शिव्या घालायचो.