शिक्का

फेब्रुवारीत शाई गोठते.
लेकी गोम्बू दौत चुलीशी धरतो
शेणाच्या मंद धगीवर,
आणि ती हलू लागली की पहिला ठसा
जुन्या वर्तमानपत्रावर उठवून बघतो.

तीन शिक्के आहेत त्याच्या पेटीत.
पहिला नेफाचा.
बासष्टच्या पळापळीत बापानं तो
सातूच्या मडक्यात पुरला
आणि आसामची वाट धरली.
परतल्यावर मडकं सापडलं, शिक्काही.
सातू तेवढा नव्हता.

दुसरा केंद्रशासित.
लांबलचक नाव, पोस्टकार्डावर मावायचं नाही,
एखादं अक्षर हमखास कडेला सांडायचं.

तिसरा काल आला, खेचराच्या पाठीवरून,
सुतळीत गुंडाळलेला, रबराचा वास ताजा.

परवा रेडिओवर दिल्ली म्हणाली: राज्य.
ओढ्यापलीकडं, वरच्या कुरणात,
मागच्या उन्हाळ्यात उभे राहिलेले तंबू
काहीच म्हणाले नाहीत.
रेडिओ त्यांच्याकडंही असेल.
त्यांच्याही नकाशात असेल हेच गाव,
दुसऱ्या नावानं,
दुसऱ्या शाईत.

दुपारी ड्रेमाआमा आली,
पानात बांधलेलं लोणी घेऊन.
"राज्य झालं म्हणतात.
मग माझी झोमो परत येईल का?"

झोमो चरत चरत पलीकडं गेली त्याला आठ महिने झाले.
सुरुवातीला वारा इकडचा असला की
गळ्यातली घंटा ऐकू यायची.

लेकी गोम्बू सरकारी नोकर.
खोटं बोलायची सवय नाही,
आणि खरं काय ते त्याला कुणी कळवलेलं नाही.
"वर लिहून पाठवतो," तो म्हणाला.

"वर म्हणजे कुठं? वर तर ते बसलेत."

मग तिनं कमरेच्या पट्ट्याचा एक तुकडा फाडला,
टेबलावर पसरला, हातानं सरळ केला.
झोमोची लेक व्याली होती, अवेळी, बर्फात.
"यावर उठव. वासराच्या गळ्यात बांधते.
उद्या तेही गेलं तर
कुणाचं आहे ते तिकडच्यांना वाचता तरी येईल."

नियमात बसत नव्हतं.
त्यानं दाराकडं पाहिलं, शिक्क्यावर फुंकर घातली,
आणि नव्या राज्याचा पहिला ठसा
लोकरीवर उठवला.
थोडा फिसकटला.
तारीख मात्र स्पष्ट होती.

संध्याकाळपर्यंत वासरानं तो चघळून टाकला.
लोसारपर्यंत त्याची जीभ
काळीच होती.