अनुक्रमांक नऊ

पंचनाम्यात लिहिलंय:
बँडगाडी एक, टायर चार, पैकी एक पंक्चर.
ढोल दोन. ताशे चार. पितळी कर्णे लहानमोठे सहा.
लाल कोट, बटनं तुटलेले, चौदा नग.
आणि अनुक्रमांक नऊ:
पुंगी काळी, चाव्या असलेली, एक.
अंदाजे किंमत रुपये सातशे.

साहेब, ती पुंगी नाही.

मी किशन ग्यानोबा तेलंगे, राहणार उदगीर.
शेषेरावच्या बँडमध्ये एकवीस सिझन क्लॅरोनेट वाजवलं.
पतसंस्थेचं कर्ज शेषेरावनं काढलं,
गाडीला नव्या लायटी बसवायला.
हप्ते त्यानं बुडवले.
आता तो कुठंय, त्याच्या बायकोलाही नीट सांगता येत नाही.
बेलीफ आला तेव्हा मी चहाला गेलो होतो.
वाद्य पेटीत, पेटी दुकानात,
दुकान शेषेरावचं.

बिराजदार वकील म्हणाले, हरकत अर्ज टाकू.
कोर्टाच्या भाषेत मी झालो त्रयस्थ.
ज्याला माझी थुंकी लागलेली, त्याला मी त्रयस्थ.

पतसंस्थेचे वकील उठले:
अर्जदार क्लॅरोनेट मागतो.
आम्ही क्लॅरोनेट जप्त केलेलंच नाही. यादी बघावी.
आणि बसता बसता, हळू, पण ऐकू येईल इतपत:
गाजराची पुंगी, वाजली तर वाजली.
दोघंतिघं हसले.
बेलीफ नाही हसला. तो नखं बघत राहिला.

पावती आहे माझ्याकडं.
बापानं हैदराबादेहून आणलं तेव्हाची.
दोन लगीनसराईंची बिदागी, वर आईच्या पायातली चांदी,
आणि येताना तिकिटाला काही उरलं नाही म्हणून
जहिराबादपासून ट्रकच्या टपावर.
पावती उर्दूत. कोर्ट म्हणालं, मराठी तर्जुमा लावा.
मुजीब सर रिटायर झालेत, त्यांच्या ओसरीवर बसलो.
त्यांनी कागद उजेडात धरला,
घडीवरची झिजलेली अक्षरं बोटानं चाचपली:
क्लारनेट, सियाह, एक अदद.
जनाब ग्यानोबा वल्द मसनाजी, साकिन उदगीर.
रकम वसूल पाई.

सर, परत एकदा वाचा.
कुठून?
जनाबपासून.

माझ्या बापाला ए ग्यान्या सोडून
कुणी काही म्हणल्याचं मी ऐकलं नव्हतं.
वरातीत तो सगळ्यांच्या पुढं,
जेवायला मांडवाबाहेर, खरकट्याच्या टोपल्यांजवळ.

तरी अडलं. पावतीत क्लारनेट, यादीत पुंगी.
बिराजदार म्हणाले, सोपं आहे किशनराव.
अर्ज दुरुस्त करू: सदर पुंगी अर्जदाराची आहे.
इथं सही करा. हातात आलं की मग काय पाहिजे ते म्हणा.

पेन घेतलं.
नाझरच्या खोलीत ते आठ महिने पडून आहे,
पत्र्याखाली, त्यात हा मे महिना.
लाकूड उलतं साहेब, तेल नाही दिलं तर.
माउथपीसवर दोन खुणा आहेत:
एक बापाच्या दाताची, खोल,
एक माझी, जराशी डावीकडं, माझा दात वाकडा म्हणून.
हे कुठल्या रकान्यात लिहू?

रात्री बायको म्हणते,
झोपेत माझ्या दंडावर बोटं चालवता.
कोणतं गाणं असतं? मी विचारतो.
मला काय ठावं, म्हणते,
पण वरात काही अजून दारात पोचली नाही.

सही नाही केली.

परवा कोर्टाच्या जिन्यात बेलीफ भेटला,
बगलेत फायली, तोंडात अर्धा पान.
मला त्याचं नाव माहीत नव्हतं हो, म्हणाला.
विचारायचं होतं.
कुणाला? तुम्ही चहाला गेला होता.
हे खरंय.
मग त्यानं फायली कठड्यावर ठेवल्या,
खिशातलं पेन काढलं, तळहात पसरला.
सांगा. क्ल वर अर्धचंद्र, बरं.
र ला काना का मात्रा?
दोन्ही, म्हणलं.
काना पण. मात्रा पण.