दहापर्यंत

पाचव्यांदा फोन आला शाळेतून.
रावपुऱ्यातल्या दुकानात मी औषधांची बिलं करत होते,
काउंटरवर एका आजोबांची अर्धी पट्टी गोळ्या
तशीच टाकून रिक्षा केली.

हेतलबेनच्या टेबलावर मोडकी फूटपट्टी.
ध्रुविलच्या मनगटावर दातांची कोर, अजून ओली.
आणि भिंतीकडे तोंड करून उभा
माझा इंद्रनील, वय वर्षं सात,
एका बुटाची नाडी सुटलेली.

“घरे कंई प्रॉब्लेम छे?”
मी म्हटलं, ना रे ना.
भिंतीवर चांदण्यांचा तक्ता होता.
त्याच्या नावापुढे चांदणी नव्हती,
चांदणी उपटल्याचा डिंक होता.

घरी काय आहे?
घरी माझा हात आहे.
गेल्या मंगळवारी गॅलरीत कोंडलं त्याला, वीस मिनिटं.
आधी दारावर लाथा, मग बोंब,
मग काहीच नाही.
ते काहीच नाही ऐकून मी धावले.
कडी काढताना बोटं थरथरत होती.

सासूबाई म्हणतात, मीठमोहऱ्या ओवाळ.
शेजारच्या दक्षाबेन म्हणतात, हॉस्टेलला टाका.
हे हालोलहून, रात्रपाळीतून,
“आल्यावर बघतो त्याच्याकडे.”
दवाखान्यातली मुलगी, माझ्यापेक्षा दहा वर्षांनी लहान,
म्हणाली, राग आला की दहापर्यंत मोजा.
कुणाचा राग, ते विचारायचं राहिलं.

संध्याकाळी पोळी फाटली.
एवढंच. पोळी वाढताना फाटली,
आणि वरणाची वाटी भिंतीवर.
हात उठलाच होता माझा.
मी खाली बसले, फरशीवर, वरणातच,
आणि मोठ्यानं सुरू केलं: एक. दोन.

“दोन नाही म्हणायचं!”
टेबलाखालून आवाज आला, किंचाळल्यासारखा.
“बे म्हणायचं. मी दोन म्हटलं तर सगळे हसले.
ध्रुविल दिवसभर दोन दोन करत होता.”

मी थांबले. वरण पायाला गार लागत होतं.
अरे, म्हटलं, बे आपलंपण आहे.
बे एके बे. बे दुणे चार.
माझ्या आजोबांनी मला असंच शिकवलं,
चुकलं की कान धरून.
“खरंच कान धरून?”
खरंच.
तो थोडा बाहेर आला. डोकं तेवढं.

बे पंचे दहापर्यंत गेलो आम्ही,
पुढे त्याला येत नव्हतं.
मग जुनं फडकं घेऊन त्यानं फरशी पुसली,
म्हणजे वरण मोरीपर्यंत पसरवलं.
मी काही बोलले नाही.
सोपं नव्हतं.

तेवढ्यानं चावायचा थांबेल, असं नाही.
दोन हे एक कारण असेल,
गॅलरी हे दुसरं,
बाकीची मला माहीत नाहीत.

दुसऱ्या दिवशी डायरीत लाल शाई:
आज चावला नाही. थुंकला.

मी सही केली.
सहापर्यंत मोजलं.
सातव्याला हाक मारली त्याला,
हळू.