मध्यान्हपूर्व

फ्रांगकी रुजू झाला सकाळी अकराला,
मी दुपारी सव्वा वाजता.
जोवाईहून शिलाँगला येणारी माझी बस
कोळशाच्या ट्रकांमागे अडकली होती.
तेवढ्या अंतराची ही फाईल,
तेवीस वर्षांची.

यादीत तो चौदा, मी पंधरा.
मग परीक्षेच्या गुणांवरून मी चौदा, तो पंधरा.
मग स्थगिती.

मधे एकाच टेबलावर
आम्ही पुलांचे नकाशे काढले.
त्याच्या आईच्या शवपेटीला मी खांदा दिला,
आणि सोमवारी प्रतिज्ञापत्रावर सही:
‘प्रतिवादी क्रमांक तीन यांचे म्हणणे
खोटे व खोडसाळ आहे.’
क्रमांक तीन तेव्हा व्हरांड्यात बसून
माझ्यासाठी सुपारी कातरत होता.

काल निकाल लागला.
मला मानीव दिनांक मिळाला.
म्हणजे दोन हजार अकरापासून
मी कार्यकारी अभियंता होतो,
फक्त कुणाला कळलं नव्हतं,
मलाही.
निवृत्त होऊन आठ महिने झाले.

बसचं तिकीट अजून फाईलमध्येच आहे,
परिशिष्ट क,
शाई पार उडालेली.

रात्री फ्रांगकीचा फोन.
‘साहेब,’ म्हणाला, आणि बराच वेळ काहीच नाही.
मग, ‘अपील करू का?’

कर, म्हटलं.
तारखेला येताना सुपारी आण.