पिग्मी

संध्याकाळी सहाला मी बोळात शिरतो,
खांद्याला रेक्झिनची पिशवी, खिशात पावतीपुस्तक,
आणि दारादारात एकच आरोळी, "पिग्मीऽ!"
टॉवेलच्या मागांची खटखट एवढी
की नाव घेऊन हाक मारली तरी ऐकणार कोण.

नरसव्वा म्याकल आधीच उठलेली असते.
मांडीवरचं विड्यांचं सूप बाजूला सारते,
कमरेच्या पिशवीतून दहाची नोट काढते,
चार घड्यांची,
रात्रभर भिजवलेल्या पानासारखी मऊ.

तेवीस वर्षं झाली. आधी दोन रुपये होते, मग पाच.
दहा झाले त्या दिवशी तिनं मला चहा पाजला, कोरा,
त्याचाही हिशेब मनात कुठंतरी मांडला असणार.

तशी ती गोड बाई नाही.
पावतीवर कार्बन पुसट उठला तर पुन्हा लिहायला लावते.
कोथिंबिरीच्या चार काड्यांसाठी भाजीवालीला
बोळाच्या तोंडापर्यंत सोडत नाही.
कारखान्यात चेकरनं मूठभर विड्या छाटीत टाकल्या
की त्याच्या सात पिढ्या छाटते.
पैसे तेलुगूत मोजते, शिव्या मराठीत देते.

घरात एकच बल्ब, मधल्या चौकटीला टांगलेला,
म्हणजे दोन्ही खोल्यांना अर्धा अर्धा पुरतो.
नळाला चौथ्या दिवशी पाणी येतं सगळ्यांना,
तिच्या घागरीत पाचव्या दिवशीही असतं.
कडक भाकरीचा डबा, शेंगाचटणीची बरणी,
दोन लुगडी. तिसरं आहे, ते कुणी पाहिलं नाही.

मी मनात म्हणायचो, एवढं कुणासाठी?
मूलबाळ नाही. नवरा मिलच्या भोंग्याबरोबर गप्प झाला,
नंतर फोटोत गेला.

गड्ड्याच्या यात्रेआधी तिचं खातं पुरं होतं.
तीन हजार सहाशे पन्नास, वर चिमूटभर व्याज.
मी नेऊन देतो. ती थुंकी लावून दोनदा मोजते,
मग तेच बंडल माझ्याच हातात परत देते,
"कोपऱ्यावरच्या गुंडेटीच्या घरी.
पोरगी नर्सिंगला लागलीय. संस्थेचा ड्रॉ लागला म्हण."

एकदा वेणूच्या डोळ्याच्या ऑपरेशनला.
एकदा पेंटप्पाचा हातमाग गहाण सुटला.
एकदा अशा घरी, जिथल्या बाईशी
ती अकरा वर्षं बोलत नव्हती.
आमच्या संस्थेत ड्रॉ नाही, कधीच नव्हता.
पण बोळातल्या चौघींनी त्या ड्रॉपायी खाती उघडली,
आणि मॅनेजर मला म्हणाला, शिवलिंगा,
तुझ्या एरियात लोकांचा विश्वास फार.

यंदा पावसाळ्यात तिची बोटं आखडली.
हजाराच्या जागी सहाशे, मग चारशे.
एके दिवशी म्हणाली, "आज सातच."
मी सात घेतले, दहाची पावती फाडली.
पुढं पाच आले. दोन आले. पावती दहाचीच.
मला वाटलं, संध्याकाळी बल्ब लांब आहे,
तिला कुठं दिसतंय.

परवा रक्कम नेऊन दिली.
ओकटी, रेंडु, मूडु.
मोजून झाल्यावर थांबली.
आठशे बाजूला काढून माझ्यासमोर सरकवले.
"हे कुणाचे?"
व्याज, मी म्हणालो.
"तेवीस वर्षं व्याज बघतेय रे मी."

मागांची खटखट. शेजारी कुणीतरी भाकरी थापत होतं.
मी चप्पल शोधू लागलो.

"बस. घरी दोन पोरं हायत तुला." मग बराच वेळ
नोटांच्या कडा जुळवत राहिली.
"ड्रॉमध्ये टाकायचे तर टाक.
पण पावती फाड. तुझ्या नावाची."

मी पुस्तक काढलं, गुडघ्यावर ठेवलं, लिहिलं.
तिनं ती बल्बाखाली नेली,
डोळ्यांजवळ धरली, लांब धरली.

"पुसट आलंय," म्हणाली. "परत लिही."