आवश्यक पक्षकार

मी दुभाषा. मसाकाच्या कोर्टात अकरा वर्षं
लुगांडा ऐकतो आणि इंग्रजी बोलतो.
पगार मधल्या श्वासाचा.

आज कोर्टच जागेवर आलंय, बुकुलुलाच्या पुढे,
जिथे रस्ता केळीत शिरतो आणि परत बाहेर येत नाही.
मॅजिस्ट्रेट आमोडिंगबाई तेसोकडच्या,
इथली बोली त्यांना माझ्या तोंडूनच कळते.
फाइल प्लास्टिकच्या खुर्चीवर, बाई उभ्या.

वादी सेकाबीरा. आजोबांच्या नावचं माइलोचं टायटल,
लॅमिनेट केलेलं. उन्हात तेवढंच चमकतं.
प्रतिवादी त्याच आजोबांच्या दुसऱ्या घरातला नातू, ल्वासा.
त्याच्याकडे खरेदीचा कागद, साक्षीदार तीन,
तिघेही मातीखाली.

वकील नवा आहे, कोट अजून घामाला सरावला नाही.
म्हणतो, सामील करायचं राहिलंय बाई:
नोंदणी कचेरीला, कारण एकाच तुकड्याची टायटलं निघाली दोन;
बँकेला, कारण दुसरं टायटल तिच्या तिजोरीत झोपलंय;
आजोबांच्या तिसऱ्या घरातल्या मुलीला,
जी नैरोबीत असते म्हणतात. नक्की कोणी सांगत नाही.

मी भाषांतर करतो, आणि मनात यादी वाढत जाते.
बांधावरची ओलुवान्यीची झुडपं?
दोन पिढ्या हद्द त्यांनी सांभाळली, एकदाही फी न मागता.
मुटुबाचं झाड, ज्याची साल सोलून आजोबांचं कफन झालं?
थडगी तर आहेतच, सिमेंटची दोन, नुसत्या दगडांची सात.
पण थडगी पुराव्यात चालतात, पक्षकार म्हणून नाही.
समन्स घ्यायला दारात कोणी येत नाही.

मोजणीदार हद्दीचा दगड शोधतोय.
कंबरभर खड्डा झाला. दगड नाही.

आणि फणसाखाली, चटईवर, शेंगा सोलत नाबुकीरा.
तीन एकरांतली केळी तिची.
किबांजा तिच्या नवऱ्यानं ठेवला,
तिनं राखला तो नवऱ्याहून जास्त वर्षं.
दोन्ही फाइलींत तिचं नाव नाही.
आमोडिंगबाई विचारतात, ही कोण?
दोन्ही नातू एकदमच म्हणतात, कोणी नाही.
दिवसभरात एवढ्यावरच त्यांचं एकमत झालं.

वकिलाचा चेहरा उजळतो.
हिला सामील करा! आवश्यक पक्षकार हीच!
मी वाकून तिला समजावतो,
आई, तुमचं नाव दाव्यात घालायचं म्हणतात. चांगलं असतं ते.

ती शेंग फोडते. दाणे टोपलीत, फोलपट पदरात.
नाव घातलं आणि कोर्टानं म्हटलं निघ,
तर निघावं लागेल?
हो.
आणि नावच नसलं, तर तो हुकूम कुणावर?
या दोघांवर.
मग भांडू दे की दोघांना, ती म्हणते.
माझं नाव घालू नकोस, पोरा.

असलं वाक्य मी अकरा वर्षांत वळवलं नव्हतं.
घसा दोनदा खाकरला.
नाव घाला म्हणून रडणारे पाहिलेत,
वगळा म्हणणारे पळपुटे पाहिलेत;
पण ही पळत नव्हती. शेंगा सोलत होती.
आमोडिंगबाईंनी पेन उचललं, टोपण लावलं.
त्या विनाअर्जही सामील करू शकतात, मला ठाऊक आहे.
सेकाबीराचं टायटल वाऱ्यानं फडफडलंही नाही, लॅमिनेशन पक्कं.
बाई म्हणाल्या, निर्णय पुढच्या तारखेला.

जीप निघाली. मी मागच्या सीटवर, पाठ ड्रायव्हरकडे.
नाबुकीरा उठली. पदर झटकला.
मोजणीदाराच्या खड्ड्यापाशी गेली,
आत डोकावली,
केळीचा एक कोंब उभा केला
आणि टाचेनं माती लोटली, दाबली, लोटली.

समोरून बाईंनी विचारलं, मागे काही राहिलं का?
प्रश्न इंग्रजीत होता.
त्याचं लुगांडात करायला
गाडीत कोणी नव्हतं.